तीन दुभाषे आणि एक गेम

पुण्यातल्या नॉडिंग हेड्स गेम्स या स्टुडिओने २०२० साली ‘राजी: ॲन एन्शंट एपिक’ हा गेम बाजारात आणला. असुरांनी पळवलेल्या धाकट्या भावाच्या, गोलूच्या, शोधात निघालेली राजी, तिच्या पाठीशी दुर्गा आणि विष्णू, आणि वाटेत राजस्थानी वळणाचे किल्ले नि महाल. गेम आधी निन्टेन्डो स्विचवर आला, मग विंडोज, प्लेस्टेशन आणि एक्सबॉक्सवर. या यादीत मॅक नव्हता. म्हणजे कोथरूडमध्ये बसून कुणाला आपल्याच शहरात बनलेला हा गेम मॅकबुकवर खेळायचा असेल, तर हाताशी उरते ती विंडोजची आवृत्ती. तिच्या एक्सई फाइलवर डबल-क्लिक केलं, की मॅक सरळ हात वर करतो.

हे एकट्या ‘राजी’चं दुखणं नाही. गेम बनवणारे आधी विंडोज आणि कन्सोल धरतात. मॅकसाठी वेगळी आवृत्ती काढायची म्हणजे चाचण्या वेगळ्या, दुरुस्त्या वेगळ्या, आणि गिऱ्हाईक त्या मानाने थोडं. तरीही विंडोजचे शेकडो गेम आज मॅकवर चालतात, तेही विंडोज विकत न घेता आणि बऱ्याचदा सॉफ्टवेअरवर एक पैसाही खर्च न करता.

अडचणी मुळात तीन आहेत. पहिली, विंडोजचा गेम सगळी कामं विंडोजकडूनच करून घेतो. फाइल उघडणं, खिडकी काढणं, आवाज वाजवणं, प्रत्येक मागणी तिच्याच नावाने असते. दुसरी, त्यातल्या सूचना इंटेल किंवा एएमडीच्या प्रोसेसरला कळतील अशा असतात. २०२० च्या अखेरीपासून मॅकमध्ये ॲपलची स्वतःची एम मालिकेतली चिप येऊ लागली, आणि ती पडली आर्म घराण्यातली. तिसरी, चित्र काढण्याच्या सूचना मायक्रोसॉफ्टच्या डायरेक्टएक्समध्ये लिहिलेल्या असतात. मॅकची आजची ग्राफिक्सची भाषा आहे मेटल. तीन भाषा म्हणून तीन दुभाषे. एकाची जरी बोबडी वळली, तरी पडदा काळाच राहतो. नेमका कोण अडला हे ओळखता आलं, की दुरुस्तीचं निम्मं काम होतं. हे तिघं एकाच मालकाचेही नाहीत, आणि मॅकवरच्या फुकट गेमिंगचं सगळं बरंवाईट त्यातच आहे.

विंडोजच आणून बसवायची, तर

आधीच्या पिढीने वेगळे मार्ग धरले होते. मॅकमध्ये पॉवरपीसी प्रोसेसर होते तेव्हा, १९९७ साली, कनेक्टिक्स या कंपनीने व्हर्च्युअल पीसी काढला. तो अख्खा पीसीच सॉफ्टवेअरमध्ये उभा करायचा आणि त्यावर विंडोज चालवायचा. पत्रं टाइप करायला ते पुरेसं होतं, गेमसाठी फार हळू. २००३ मध्ये मायक्रोसॉफ्टने तो विकत घेतला. जानेवारी २००६ मध्ये इंटेल प्रोसेसरचे मॅक आले आणि एप्रिलमध्ये ॲपलने बूट कॅम्प दिला. मॅकच्याच डिस्कवर विंडोज टाकायची, आणि सुरू करताना कुठली हवी ते निवडायचं. गेम खेळणाऱ्यांचे ते सुखाचे दिवस होते. ॲपलची स्वतःची चिप आली आणि बूट कॅम्पचा रस्ता बंद झाला. पॅरलल्ससारख्या सॉफ्टवेअरमधून आर्मसाठीची विंडोज आजही चालवता येते, पण त्याला पैसे पडतात, आणि मॅकची मेमरी दोन ऑपरेटिंग सिस्टिम्समध्ये वाटली जाते.

या सगळ्या मार्गांत विंडोज लागतेच. वाइनच्या मार्गात ती लागत नाही.

पहिला दुभाषा: वाइन

१९९३ साली बॉब ॲमस्टड आणि एरिक यंगडेल यांनी लिनक्सवर विंडोज ३.१ चे प्रोग्रॅम चालवण्यासाठी वाइनचं काम सुरू केलं. पुढच्याच वर्षी अलेक्झांड्र ज्युलियार यांनी सूत्रं घेतली, आणि तेव्हापासून तेच प्रकल्पाचं नेतृत्व करत आले आहेत. १.० ही आवृत्ती निघाली जून २००८ मध्ये. मधे पंधरा वर्षं गेली.

वाइन पीसीची नक्कल करत नाही. गेमची फाइल ती स्वतः वाचते, तिचे तुकडे मेमरीत जागच्या जागी ठेवते आणि या फाइलला विंडोजची कोणकोणती फंक्शन्स हवी आहेत याची यादी बघते. ती फंक्शन्स विंडोजमध्ये डीएलएल नावाच्या फाइलींमध्ये असतात. वाइन त्याच नावाच्या, त्याच फंक्शन्सच्या, पण स्वतः लिहिलेल्या डीएलएल पुढे करते. गेमला वाटतं समोर विंडोज आहे. उत्तरं देत असते वाइन, आणि ती मिळवते मॅकच्या ऑपरेटिंग सिस्टिमकडून, मॅकओएसकडून.

एक छोटं उदाहरण घेऊ. गेम सुरू झाला की आधीची सेव्ह फाइल शोधतो. सी ड्राइव्हवर अमुक फोल्डरमध्ये तमुक फाइल उघडून दे, असं तो म्हणतो. मॅकवर सी ड्राइव्ह नसतो. वाइनने आपल्या फोल्डरमध्ये ‘ड्राइव्ह_सी’ नावाचा एक फोल्डर ठेवलेला असतो. ती उलट्या तिरक्या रेघा सुलट करते आणि त्या फोल्डरमध्ये शोध घेते. समजा फाइल सापडली नाही. इथे खरी गंमत आहे. फोल्डर आहे पण फाइल नाही, तर विंडोज २ क्रमांकाची चूक कळवते. मुळात फोल्डरच नसेल, तर ३ क्रमांकाची. युनिक्सच्या वळणाचा मॅकओएस दोन्ही वेळी एकच उत्तर देतो. आता एखाद्या गेममध्ये ‘२ आला तर नवा खेळ सुरू कर, ३ आला तर आधी फोल्डर बनव’ असं लिहिलेलं असेल, तर मॅकचं उत्तर तसंच पुढे ढकलून भागणार नाही. वाइनला वाटेतला प्रत्येक फोल्डर स्वतः तपासून २ की ३ ते ठरवावं लागतं.

विंडोजमध्ये अशी हजारो फंक्शन्स आहेत. काहींची माहिती छापलेली नाही. काहींची छापलेली आहे, पण प्रत्यक्ष वागणूक वेगळी. आणि जुने प्रोग्रॅम नेमके त्या वेगळ्या वागणुकीवर विसंबून असतात. त्यामुळे विंडोजच्या खोडीसुद्धा वाइनला जशाच्या तशा उचलाव्या लागतात. त्यासाठी वाइनवाले छोट्या चाचण्या लिहितात, त्या खऱ्या विंडोजवर चालवतात, उत्तर नोंदवतात आणि आपला कोड तेच उत्तर देईपर्यंत घासतात. पंधरा वर्षं गेली ती यात.

मायक्रोसॉफ्टच्या कोडकडे डोकावायला मात्र सक्त मनाई आहे. ज्याने तो कोड पाहिला, त्याचं लिखाण वाइनमध्ये घेत नाहीत. बाहेरून वागणूक बघून तसंच काम करणारी नवी वस्तू बनवणं निराळं, आणि दुसऱ्याचा कोड उचलणं निराळं. या भेदाला अमेरिकन न्यायालयांचाही आधार आहे. मॅकवर प्लेस्टेशनचे गेम चालवणारं सॉफ्टवेअर काढल्याबद्दल सोनीने कनेक्टिक्सलाच कोर्टात खेचलं होतं. २००० साली अपील न्यायालयाने निकाल कनेक्टिक्सच्या बाजूने दिला. मायक्रोसॉफ्टचं आणि वाइनचं नातंही आता बदललं आहे. डॉटनेट प्रोग्रॅम चालवणारा आपल्याकडचा मोनो प्रकल्प मायक्रोसॉफ्टने ऑगस्ट २०२४ मध्ये वाइनच्याच हवाली केला.

दुसरा दुभाषा: रोझेटा

इंटेलच्या मॅकवर वाइनने मागण्या भागवल्या की पुरत होतं. गेममधल्या बाकीच्या सूचना प्रोसेसरला थेट कळत. एम मालिकेच्या चिपवर त्या कळत नाहीत. तिथे ॲपलची रोझेटा २ कामाला येते. प्रोग्रॅम पहिल्यांदा उघडताना ती शक्य तेवढ्या इंटेल सूचनांचं आर्ममध्ये भाषांतर करून ठेवते, आणि जो कोड चालता चालता तयार होतो त्याचं भाषांतर त्या क्षणी करते. वाइनमधून येणारा गेमचा कोड बहुतांशी या दुसऱ्या वाटेने जातो.

हे भाषांतर इतकं वेगवान कसं, याचं एक कारण चिपमध्येच आहे. गेममध्ये अनेक कामं एकाच वेळी चालतात, आणि अशा प्रत्येक कामाला धागा म्हणतात. एक धागा शत्रूची नवी जागा मेमरीत लिहितो आणि मग ‘तयार’ अशी खूण करतो. दुसरा धागा खूण दिसली की जागा वाचतो. इंटेलच्या प्रोसेसरवर लिहिलेल्या गोष्टी लिहिल्या त्याच क्रमाने इतरांना दिसतात. आर्मला हा क्रम बदलायची मुभा आहे, म्हणजे खूण आधी आणि जागा नंतर दिसू शकते. मग दुसरा धागा जुनीच जागा वाचेल, आणि गेम कधी चालेल, कधी कोसळेल. सॉफ्टवेअरने हा क्रम राखायचा तर जागोजागी थांबे घालावे लागतात आणि वेग मरतो. ॲपलने चिपमध्येच एक सोय केली. रोझेटाचा प्रोग्रॅम चालू असताना ती मेमरीचा क्रम इंटेलसारखा पाळते.

रोझेटाच्याही मर्यादा होत्या. एव्हीएक्स नावाच्या इंटेलच्या सूचना ती बरीच वर्षं समजत नव्हती. ज्या गेमला त्या हव्यात, तो उघडताच निमूट बंद व्हायचा. मॅकओएसच्या २०२४ मधल्या सेकोइया आवृत्तीपासून ही उणीव बरीचशी भरून निघाली. जुन्या गेमची रड वेगळी होती. ते ३२ बिटचे, आणि २०१९ मध्ये आलेल्या मॅकओएस कॅटालिनाने ३२ बिटचे प्रोग्रॅम चालवणंच बंद केलं. त्यावर कोडवीव्हर्स या कंपनीने खास कंपायलर बनवून तोडगा काढला. पुढे वाइननेच मांडणी बदलली, आणि २०२४ च्या ९.० आवृत्तीत ३२ बिटचा विंडोज कोड ६४ बिटच्या प्रोग्रॅममध्ये चालवायची सोय पूर्णत्वाला आली.

तिसरा दुभाषा: चित्रांचा

सेकंदाला ६० चित्रं हवीत, तर एका चित्राला मिळतात साडेसोळा मिलिसेकंदांच्या आसपास. तेवढ्यात गेम डायरेक्टएक्सला शेकडो आज्ञा देतो, आणि प्रत्येकीचं मेटलमध्ये रूपांतर व्हावं लागतं.

वाइनची मूळ पद्धत डायरेक्टएक्सचं ओपनजीएल या जुन्या ग्राफिक्सच्या भाषेत रूपांतर करण्याची. पण मॅकवरचं ओपनजीएल ४.१ या २०१० सालच्या आवृत्तीवरच अडकलं, आणि २०१८ मध्ये ॲपलने त्याला निवृत्तीच्या यादीत टाकलं. जुन्या गेमना ते पुरतं, नव्यांना नाही. दुसरी वाट डीएक्सव्हीकेची. हे सॉफ्टवेअर डायरेक्टएक्सचं व्हल्कन या आणखी एका ग्राफिक्सच्या भाषेत रूपांतर करतं. मॅकवर व्हल्कनही नाही, म्हणून मोल्टनव्हीके त्याचं पुन्हा मेटल करतं. दोनदा भाषांतर आलं की काही ना काही गळतं. डायरेक्टएक्समधले जिऑमेट्री शेडर, म्हणजे आकार घडवणारे छोटे प्रोग्रॅम, मेटलमध्ये मुळातच नाहीत, तेव्हा त्यांची सोय लावणं जिकिरीचं होतं.

जून २०२३ मध्ये ॲपलने स्वतःच गेम पोर्टिंग टूलकिट काढलं. त्यातलं डी३डी मेटल हे डायरेक्टएक्स ११ आणि १२ चं थेट मेटल करतं. ॲपलचा हेतू असा, की गेम बनवणाऱ्यांनी आपला गेम मॅकवर कसा दिसेल ते आधी चालवून पाहावं आणि मग मॅकची आवृत्ती काढावी. खेळणाऱ्यांनी तेवढ्यावर थांबायचं काही कारण नव्हतं. काही दिवसांतच लोक त्यावर मोठमोठे गेम चालवू लागले. अलीकडे डीएक्सएमटी हा मुक्त प्रकल्पही आला आहे. तोही डायरेक्टएक्स ११ चं सरळ मेटल करतो.

नवा गेम पहिल्यांदा खेळताना मधेच अर्धा सेकंद चित्र गोठतं, असा अनुभव पुष्कळांना येतो. मॅक कमजोर आहे, असा समज करून घेऊ नये. आग, पाणी, सावली यांसाठी गेममध्ये शेडर नावाचे छोटे प्रोग्रॅम असतात. नवी जागा, नवा स्फोट आला की त्याचा शेडर आधी मेटलमध्ये आणि मग ग्राफिक्स चिपच्या सूचनांमध्ये बदलावा लागतो. एकदा झालेलं रूपांतर साठवून ठेवलं जातं, त्यामुळे त्याच जागी परत आलात की गेम अडखळत नाही.

जिथे तिघांचं चालत नाही

ऑनलाइन सामन्यांच्या गेममध्ये फसवणूक रोखणारं सॉफ्टवेअर असतं. व्हॅलोरंटमधलं व्हॅनगार्ड विंडोजच्या अगदी गाभ्यात, कर्नलमध्ये, जाऊन बसतं. वाइनकडे विंडोजचा कर्नल नाही. शिवाय या सॉफ्टवेअरचं कामच मुळी ‘समोर खरी विंडोज आहे ना’ हे तपासण्याचं. वाइन ज्याला सेवा म्हणते, ती त्याला तोतयेगिरी वाटते. असे गेम मॅकवर चालवायच्या खटपटीत वेळ घालवू नये. एकट्याने खेळायच्या, गोष्ट सांगणाऱ्या गेममध्ये यश जास्त मिळतं.

प्रत्यक्ष करायचं झालं तर

वाइन हाताने बसवता येते, पण बहुतेक जण वाइनला सोपा चेहरा देणारं एखादं मुखवट्याचं सॉफ्टवेअर वापरतात. एपिक आणि जीओजी या ऑनलाइन दुकानांतल्या गेमसाठी हिरोइक गेम्स लाँचर हे फुकट आणि मुक्त आहे. मॅकवर वाइनची आवृत्ती तेच उतरवून देतं. क्रॉसओव्हर हे कोडवीव्हर्सचं, वाइनवरच उभं असलेलं विकतचं सॉफ्टवेअर, १४ दिवस फुकट वापरून बघता येतं. कुठलंही घ्या, मूळ कल्पना ‘बॉटल’ची. बॉटल म्हणजे एक फोल्डर. त्यात स्वतंत्र सी ड्राइव्ह, स्वतंत्र रजिस्ट्री, स्वतंत्र सेटिंग. प्रत्येक गेमला वेगळी बॉटल दिली, तर एकासाठी केलेली खटपट दुसऱ्याला बिघडवत नाही, आणि नको झाला की फोल्डर उडवला की काम संपलं. मात्र सेव्ह फाइली त्यातच असतात, त्या आधी बाहेर काढून ठेवाव्यात.

स्टीम या ऑनलाइन दुकानातला गेम असेल तर मॅकचं स्टीम उपयोगाचं नाही. बॉटलमध्ये विंडोजचं स्टीम टाकावं लागतं. गेम विकत घेण्याआधी वाइनच्या ॲपडीबी या ऑनलाइन यादीत त्याची नोंद बघावी. तिथे प्लॅटिनमपासून थेट ‘कचरा’पर्यंत श्रेणी असतात. नोंद कुठल्या वर्षीची आणि कुठल्या मशीनवरची, तेही बघावं, कारण तिथल्या पुष्कळ नोंदी लिनक्सवरच्या असतात.

बिघाड झाला की तीन दुभाषे आठवावेत. गेम उघडताच एखादी डीएलएल नाही असा संदेश आला, तर प्रश्न पहिल्याचा. ती बॉटलमध्ये टाकायला विनट्रिक्स नावाचं साधन आहे. काही न सांगता बंद झाला, तर मॅकओएस जुना आहे का ते बघावं, दोष दुसऱ्याचा असू शकतो. आवाज येतो पण चित्र नाही, किंवा माणसांचे चेहरे गायब, तर तिसऱ्याचा. मग डी३डी मेटल, डीएक्सएमटी आणि डीएक्सव्हीके आलटून पालटून पाहावेत. गेम चालतो पण रखडतो, तर आधी रिझोल्यूशन उतरवावं.

एक इशाराही द्यायला हवा. वाइन म्हणजे कडेकोट खोली नव्हे. नेहमीच्या मांडणीत बॉटलमधला झेड ड्राइव्ह तुमची अख्खी डिस्क दाखवतो. क्रॅक केलेल्या गेमबरोबर विंडोजचा व्हायरस आला, तर तो तुमच्या कागदपत्रांपर्यंत पोचू शकतो. गेम चालवणारी वाइन व्हायरसही तितक्याच इमानाने चालवते.

फुकटाचा हिशेब

सुरुवातीला वाइनचा परवाना अगदी मोकळा होता. कुणीही कोड घ्यावा, बदलावा, विकावा, बदल परत देण्याचं बंधन नाही. काही कंपन्यांनी तसंच केलं. म्हणून मार्च २००२ मध्ये वाइनने एलजीपीएल परवाना घेतला. वाइन वापरा, विका, पण वाइनमध्ये केलेले बदल सर्वांना द्या, अशी त्याची अट. याचं फळ एकवीस वर्षांनी दिसलं. ॲपलचं टूलकिट उभं राहिलं ते क्रॉसओव्हरच्या खुल्या कोडवर, आणि वाइनच्या भागात केलेले बदल ॲपलला उघड करावे लागले. डी३डी मेटल मात्र ॲपलचं स्वतंत्र लेखन असल्यामुळे ते बंदच राहिलं.

परवान्याने कोड परत येतो, पगार येत नाही. ज्युलियार यांच्यासह वाइनचे अनेक प्रमुख लेखक कोडवीव्हर्सच्या नोकरीत आहेत. अमेरिकेतल्या मिनेसोटातली ही कंपनी १९९६ पासून चालू आहे. लिनक्सकडच्या कामाला स्टीमच्या मालकांचं, व्हॉल्व्ह कंपनीचं, पाठबळ आहे, कारण त्यांच्या स्टीम डेक या हातात धरून खेळायच्या यंत्रावर विंडोजचे गेम चालतात ते वाइनवर उभ्या असलेल्या प्रोटॉनमुळे. मॅकसाठी प्रोटॉन नाही. मॅकवरच्या वाइनचा खर्च मोठ्या प्रमाणात निघतो तो क्रॉसओव्हर विकत घेणाऱ्यांच्या पैशातून.

व्हिस्कीची गोष्ट इथे सांगायला हवी. एका विद्यार्थ्याने लिहिलेला हा देखणा, फुकट मुखवटा. ॲपलचं टूलकिट सामान्य माणसाच्या हाती सहज आलं ते त्याच्यामुळे, आणि तो झपाट्याने लोकप्रिय झाला. २०२५ मध्ये त्याच्या कर्त्यानेच काम थांबवलं. त्याला वेळ आणि रस उरला नव्हता, पण त्याने आणखी एक कारण दिलं. व्हिस्की क्रॉसओव्हरच्या कोडवर उभी, तिच्याकडून परत जवळजवळ काहीच जात नाही, आणि तिच्यामुळे क्रॉसओव्हरचं गिऱ्हाईक तुटलं तर मॅकवरची वाइनच धोक्यात येईल. वापरणाऱ्यांना त्याने क्रॉसओव्हरकडे जायला सांगितलं.

दुसऱ्या दुभाष्याचं भवितव्य पूर्णपणे ॲपलच्या हातात आहे. जून २०२५ मध्ये ॲपलने जाहीर केलं, की रोझेटा मॅकओएस २७ पर्यंत सगळ्या इंटेल प्रोग्रॅमसाठी राहील. त्यानंतर तिचा काही भागच ठेवला जाईल, तोही देखभाल थांबलेल्या जुन्या गेमसाठी. म्हणजे पहिल्याचा पगार कोडवीव्हर्सचे गिऱ्हाईक देतात, दुसरा सर्वस्वी ॲपलचा, आणि तिसऱ्यात जे सर्वांत वेगवान तेही ॲपलचंच. वापरणाऱ्याच्या हाती थोडंच उरतं, पण जे उरतं ते कामाचं आहे. रोज वापर होत असेल तर क्रॉसओव्हर विकत घ्यावं. नसेल घ्यायचं तर गेम चालला की बिघडला याची नोंद, मॅकच्या मॉडेलसकट, ॲपडीबीवर टाकावी. आणि मॅकओएसची नवी आवृत्ती आली की आधी आवडत्या गेमबद्दलच्या ताज्या नोंदी वाचाव्यात, मगच अपडेटचं बटण दाबावं.